‘इमॅटिनिब’ या नावाचा अर्थ काय, आणि मराठी माहितीपत्रकात ते कसे वापरावे?

मुद्रितशोधक यांचा प्रश्न

नमस्कार. एका धर्मादाय संस्थेसाठी मी रक्ताच्या कर्करोगाच्या रुग्णांना द्यावयाच्या माहितीपत्रकाचे मराठीकरण करीत आहे. आजार ‘क्रॉनिक मायलॉइड ल्युकेमिया’, म्हणजे डॉक्टरमंडळी ज्याला थोडक्यात सीएमएल म्हणतात तो, आणि पत्रकाच्या जवळजवळ प्रत्येक परिच्छेदात ‘इमॅटिनिब’ हा शब्द येतो. या एका शब्दापाशी मी जितका अडलो तितका इतर कुठेच अडलो नाही.

अडण्याचे कारण थोडे घरगुतीही आहे. माझे मामा सावंतवाडीजवळच्या एका गावात राहतात आणि गेली सहा वर्षे हेच औषध घेतात. गोळ्यांची स्ट्रिप मामी बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात ठेवतात. कोणीतरी त्यांना नाव वाचून दाखवले तेव्हा त्यांनी ‘निब’च्या जागी ‘निंब’ ऐकले, आणि औषध कडुनिंबापासून केलेले असणार असा त्यांचा समज झाला. पुढे काही महिने त्या मामांना सकाळी गोळी आणि संध्याकाळी अंगणातल्या निंबाचा रस असे दोन्ही देत होत्या, हे आम्हाला फार उशिरा कळले. तेव्हा आम्ही हसलो. पण पत्रक करायला घेतल्यापासून वाटते की ती चूक मामींची नव्हती. त्या नावाने त्यांना काहीच सांगितले नव्हते, म्हणून त्यांनी आपल्या परीने त्याचा अर्थ लावला.

जाणकारांना माझे विचारणे असे, की या नावाला मुळात काही अर्थ आहे का, आणि असल्यास तो रुग्णाला सांगण्यासारखा आहे का? देवनागरीत ते इमॅटिनिब, इमाटिनिब की इमॅटिनीब? इंग्रजी मजकुरात काही ठिकाणी नुसते ‘इमॅटिनिब’ आहे, तर काही ठिकाणी ‘इमॅटिनिब मेसायलेट’. ही दोन औषधे समजायची का? आणि शेवटचे म्हणजे, मामांच्या गावात सगळे याला ‘केमोची गोळी’ म्हणतात. लोकांच्या तोंडचा शब्द पत्रकात घ्यावा असे मला एरवी नेहमी वाटते, परंतु इथे मन कचरते आहे.

खलबत्ता यांचे उत्तर

मी औषधनिर्माणशास्त्र शिकवतो आणि दर वर्षी पहिल्या तासाला विद्यार्थ्यांना नावांपासूनच सुरुवात करून देतो, त्यामुळे उत्तर जरा लांबेल, क्षमस्व.

आधुनिक औषधाला साधारणपणे तीन नावे असतात. प्रयोगशाळेत असताना त्याला सांकेतिक क्रमांक असतो. इमॅटिनिबचा असा एक क्रमांक ‘एसटीआय-५७१’ हा होता, आणि त्यातील तीन अक्षरे ‘सिग्नल ट्रान्सडक्शन इनहिबिटर’ या शब्दांची होती. पेशीच्या आत जे निरोप एका प्रथिनाकडून दुसऱ्याकडे जातात, ते अडवणारा पदार्थ, असा त्याचा अर्थ. दुसरे नाव कंपनीचे, विक्रीसाठीचे: ‘ग्लीवेक’. अमेरिकेत त्याचे स्पेलिंग वेगळे आणि इतर देशांत वेगळे आहे, पण देवनागरीत दोन्ही सारखीच उतरतात, हा आपल्या लिपीचा फायदा समजावा. आणि तिसरे नाव सर्वांच्या मालकीचे: ‘इमॅटिनिब’. हे तिसरे नाव जागतिक आरोग्य संघटना ठरवते. अशा नावांची संघटनेची पहिली यादी १९५३ मध्ये निघाली, आणि या नावांवर कोणत्याही कंपनीला हक्क सांगता येत नाही, हा त्या पद्धतीचा पाया आहे.

या सार्वजनिक नावाचे डोके आणि शेपूट वेगळे पाहावे लागते. डोक्याला, म्हणजे ‘इमॅ’ला, अर्थ असण्याची गरज नसते, ते इतर नावांहून ऐकायला आणि लिहायला वेगळे असले म्हणजे झाले. अर्थ असतो तो शेपटात. ‘टिनिब’ हे शेपूट ज्या औषधाला असते ते ‘टायरोसिन कायनेज’ या जातीच्या प्रथिनांना अडवणारे असते. शेवटच्या ‘इब’मध्ये ‘इनहिबिटर’, म्हणजे अडवणारा, हा शब्द डोकावतो. गेफिटिनिब, एर्लोटिनिब, ओसिमर्टिनिब ही फुप्फुसाच्या कर्करोगावरची औषधे या घराण्यातलीच आहेत. ओलापरिब, पाल्बोसिक्लिब यांचा ‘इब’ तोच, पण त्याआधीची अक्षरे निराळी, कारण ती पेशीतल्या निराळ्या प्रथिनांना अडवतात.

आता मामींच्या कडुनिंबाविषयी. त्यांचा तर्क अगदीच निराधार होता असे मी म्हणणार नाही, कारण कर्करोगाच्या जुन्या औषधांची नावे खरोखरच झाडांवरून पडलेली आहेत. आपल्याकडे कोकणात ज्याच्या-त्याच्या अंगणात असते त्या सदाफुलीपासून व्हिनक्रिस्टिन आणि व्हिनब्लास्टिन मिळाली, आणि त्यांच्या नावातला ‘व्हिन’ हा सदाफुलीच्या ‘व्हिंका’ या जुन्या शास्त्रीय नावातून आला. पॅक्लिटॅक्सेलमध्ये ‘टॅक्सस’ या वृक्षाचे नाव आहे. त्या काळी आधी वनस्पती हाती येई, तिचा अर्क पेशी मारतो असे दिसे, आणि तो कसा मारतो हे मागाहून कळे. नावही त्याच क्रमाने पडे. इमॅटिनिबच्या बाबतीत क्रम उलटा आहे. आधी नेम धरायची जागा सापडली आणि मग तिथे बसणारा पदार्थ शोधला गेला. म्हणूनच नावात झाड नाही, नेम आहे.

ही जागा सापडून तिथे बसणारे औषध हाती यायला चार दशके लागली. १९६० मध्ये अमेरिकेतील फिलाडेल्फिया शहरात पीटर नोवेल आणि डेव्हिड हंगरफोर्ड यांना या आजाराच्या रुग्णांच्या पेशींत एक गुणसूत्र नेहमीपेक्षा आखूड दिसले. शिकागोत जॅनेट राऊली यांनी १९७३ मध्ये दाखवून दिले, की ते नुसते आखूड झालेले नसून क्रमांक ९ आणि क्रमांक २२ या दोन गुणसूत्रांच्या तुकड्यांची अदलाबदल झालेली आहे. या अदलाबदलीत दोन जनुके एकमेकांना चिकटतात आणि ‘बीसीआर-एबीएल’ नावाचे एक जोडजनुक तयार होते. त्याच्यापासून होणारे प्रथिन हे टायरोसिन कायनेज असते, आणि ते कधी बंदच होत नाही. एटीपी या रेणूकडून फॉस्फेट घ्यायचे आणि दुसऱ्या प्रथिनाला चिकटवायचे, हे त्याचे काम. ते अखंड चालले की पांढऱ्या पेशींना वाढीचा हुकूम अखंड मिळत राहतो. एटीपी ज्या खोबणीत बसतो तिथे इमॅटिनिब जाऊन बसते, आणि हुकूम थांबतो. निकोलस लायडन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी स्वित्झर्लंडमधील सिबा-गायगी कंपनीत अशा पदार्थांवर काम केले, ब्रायन ड्रकर यांनी ओरेगनमध्ये तो पदार्थ या आजारावर लावून धरला, १९९८ मध्ये रुग्णांवरच्या चाचण्या सुरू झाल्या आणि मे २००१ मध्ये अमेरिकेच्या औषध प्रशासनाने मान्यता दिली.

रुग्णासाठी एवढा इतिहास नको, हे मला कळते. मात्र शेपटाविषयी दोन सावधगिरीच्या सूचना पत्रकात जाव्यात असे मला आग्रहाने वाटते.

पहिली सूचना अशी, की शेपूट रोग सांगत नाही, काम सांगते. टोफासिटिनिब हे संधिवाताचे औषध आहे, आणि बॅरिसिटिनिब कोविडच्या काळात अनेकांनी ऐकले असेल. उलट ॲसिमिनिब हे सीएमएलचेच नवे औषध, पण ते त्याच प्रथिनावर दुसऱ्या ठिकाणी बसते, आणि त्याच्या नावात ‘टिनिब’ नाही. शेजाऱ्याच्या गोळीत ‘टिनिब’ दिसले म्हणून त्याला कर्करोग झाला असे कोणी समजू नये. असा गोंधळ मी प्रत्यक्ष पाहिलेला आहे.

दुसरी सूचना अधिक महत्त्वाची. शेपूट एक असले तरी घेण्याची रीत एक नसते. इमॅटिनिब जेवणासोबत आणि मोठा पेलाभर पाण्यासोबत घ्यायचे असते, कारण ते पोटाला झोंबते. सीएमएलवरच दिले जाणारे निलोटिनिब मात्र उपाशीपोटी घ्यावे लागते: आधी दोन तास आणि नंतर एक तास काही खायचे नाही, कारण अन्नासोबत ते रक्तात प्रमाणाबाहेर शिरते आणि हृदयाच्या ठोक्यांत बिघाड होण्याचा धोका वाढतो. एका रुग्णाचे औषध बदलले आणि त्याने जुन्या सवयीने ते जेवल्यावर घेतले, तर नावातला सारखेपणा त्याला महागात पडू शकतो. (दासाटिनिब हे तिसरे औषध जेवणाआधी किंवा नंतर कधीही चालते. त्याच्या नावातला ‘दासा’ मात्र निरर्थक नाही. ते शोधणाऱ्या चमूतील रसायनशास्त्रज्ञ जगबंधु दास यांच्या आडनावावरून तो आला. डोक्याला अर्थ नसतो, या नियमाला एवढा अपवाद आपल्या बाजूचा आहे.)

राहिले मेसायलेट. इमॅटिनिब हा मूळ रेणू, आणि इमॅटिनिब मेसायलेट हा त्याचा क्षार. गोळीत असतो तो क्षारच. पोटात गेल्यावर काम करतो तो इमॅटिनिबचा रेणू. गोळीवरचा आकडा मूळ रेणूचा असतो, त्यामुळे ४०० मिलिग्रॅमच्या गोळीत क्षार मोजला तर तो ४७८ मिलिग्रॅम भरतो. दोन औषधे नव्हेत. वजनाचा हिशेब दोन रीतींनी मांडलेला आहे, इतकेच.

ऱ्हस्वदीर्घ यांचे उत्तर

खलबत्ता यांनी अर्थाची बाजू उत्तम मांडली आहे. मी लेखनापुरते बोलतो.

आपल्या लेखननियमांचा शब्दशः आधार घेतला तर अकारान्त शब्दातील उपान्त्य इकार दीर्घ लिहायचा, म्हणजे गरीब, नशीब यांच्या चालीवर ‘इमॅटिनीब’ व्हायला हवे. पण इंग्रजीतून आलेल्या शब्दांना आपण हा नियम लावीत नाही. क्लिनिक, टॉनिक, प्लास्टिक हे शब्द सर्वजण ऱ्हस्वच लिहितात आणि ते डोळ्याला खटकत नाहीत. तेव्हा ‘इमॅटिनिब’ लिहावे. ‘मा’ की ‘मॅ’ या प्रश्नावर मी ‘मॅ’च्या बाजूने आहे, कारण डॉक्टरांच्या तोंडून रुग्ण तोच उच्चार ऐकतो. मात्र एकदा जे ठरेल ते शेवटपर्यंत सांभाळा; दुसऱ्या पानावर ‘इमाटिनीब’ आले तर वाचणाऱ्याला ते वेगळे औषध वाटेल, आणि या विषयात तसे वाटणे धोक्याचे आहे.

एक अडचण कोणी बोलून दाखवीत नाही ती अशी. रोमन लिपीत व्यापारी नावाचे पहिले अक्षर मोठे असते आणि सार्वजनिक नावाचे लहान, त्यामुळे वाचकाला न सांगता फरक कळतो. देवनागरीत मोठे-लहान अक्षर नाही. ‘ग्लीवेक’ आणि ‘इमॅटिनिब’ शेजारीशेजारी आले की ती दोन औषधे वाटतात, किंवा एक चांगले आणि एक स्वस्तातले. पत्रकात व्यापारी नाव शक्यतो येऊच देऊ नका. आणावेच लागले तर ‘ग्लीवेक या नावाने विकले जाणारे इमॅटिनिब’ अशी पूर्ण शब्दयोजना करा, मग वाक्य लांबले तरी चालेल.

अशा नेम धरून काम करणाऱ्या औषधांना इंग्रजीत ‘टार्गेटेड’ म्हणतात. त्यासाठी कोशांत ‘लक्ष्यित’ मिळेल. तो मला कागदी वाटतो. ‘लक्ष्यवेधी’ कानाला बरा लागतो, परंतु त्यात बाण बरोबर लागणारच अशी ग्वाही ऐकू येते, आणि काही रुग्णांत ते प्रथिनच बदलून औषधाला दाद देईनासे होते. मी ‘नेमके औषध’ किंवा सरळ ‘आजाराच्या मुळाशी असलेल्या एका प्रथिनाला अडवणारे औषध’ असे लिहीन.

आणि कृपा करून ‘विकर’ वापरू नका. कायनेज हे एन्झाइम असते आणि एन्झाइमला मराठीत विकर म्हणतात, हे शास्त्राच्या पाठ्यपुस्तकापुरते ठीक आहे. पण ‘विकररोधक’ हा शब्द छापखान्यात एका कान्याने ‘विकाररोधक’ होतो, आणि मग पत्रकात औषध कोणताही विकार रोखते असा भलताच दावा उभा राहतो. हे अनुभवाने सांगतो आहे. पन्नास प्रती फाडाव्या लागल्या होत्या. ‘प्रथिन’ पुरेसे आहे.

मेसायलेटची ओळ मी असतो तर गाळली असती. रुग्णाला क्षाराशी काय करायचे आहे?

रोजचीच_गोळी यांचे उत्तर

मी स्वतः हे औषध अकरा वर्षे घेतो आहे, म्हणून ‘केमोची गोळी’ या प्रश्नावर बोलण्याचा मला थोडा अधिकार आहे असे समजतो.

निदान झाले तेव्हा माझी पाणथरी बरगडीखाली हाताला लागत होती आणि पांढऱ्या पेशी दोन लाखांच्या वर गेल्या होत्या. डॉक्टरांनी चिठ्ठीवर ‘इमॅटिनिब ४००’ लिहिले आणि त्यापुढे दुपारच्या जेवणानंतर एक, असे खूण करून दिले. घरी आल्यावर मी सांगितले की केमोची गोळी दिली आहे. झाले! आईने केस जाणार म्हणून रडून घेतले, बहिणीने सलाइन कुठे लावणार ते विचारले, आणि ऑफिसातल्या सहकाऱ्याने किती सायकल, म्हणजे केमोच्या फेऱ्या, आहेत याची चौकशी केली. यातले काहीच होणार नव्हते. झाले ते एवढेच, की सकाळी उठल्यावर डोळ्यांखाली सूज दिसे, रात्री पोटरीत गोळे येत, आणि पहिले काही आठवडे मळमळे.

पण भीती ही शब्दाची लहान बाजू आहे. मोठी बाजू अशी, की केमो म्हटले की माणसाच्या मनात ती संपण्याची तारीख येते. सहा सायकल झाल्या, केमो संपली, पेढे वाटले. ‘कोर्स’ या शब्दाचेही तसेच. पाच दिवसांचा कोर्स पुरा केला की उरलेल्या गोळ्या कपाटात. माझ्याबरोबर तपासणीला येणारे एक गृहस्थ दीड वर्षाने रिपोर्ट चांगला आला तेव्हा ‘कोर्स पूर्ण झाला’ असे समजून गोळी बंद करून मोकळे झाले. कोणी सांगितलेही नव्हते आणि त्यांनी विचारलेही नव्हते. काही महिन्यांनी आकडे पुन्हा चढले तेव्हा त्यांना कळले, की रिपोर्ट चांगला होता तो गोळी चालू होती म्हणून. सुदैवाने पुन्हा सुरू केल्यावर त्यांचे आकडे खाली आले.

औषध कधीच बंद करता येत नाही असे मात्र लिहू नका. बीसीआर-एबीएलची तपासणी दर तीन महिन्यांनी करीत, कित्येक वर्षे ते जवळजवळ सापडेनासे झालेले असेल, तर काही निवडक रुग्णांत डॉक्टर देखरेखीखाली औषध थांबवून पाहतात. फ्रान्समध्ये १०० रुग्णांवर झालेल्या एका प्रसिद्ध अभ्यासात वर्षभरानंतर सुमारे ४० टक्के रुग्ण औषधावाचून टिकले होते. बाकीच्यांना पुन्हा सुरू करावे लागले. म्हणजे निर्णय डॉक्टरांचा आणि आधार तपासणीचा. माझ्याबाबतीत अजून तो विषय निघालेला नाही.

तेव्हा घरात, पत्रकात आणि शेजाऱ्यांत या गोळीला ‘रोजची गोळी’ म्हणावे, जशी रक्तदाबाची किंवा थायरॉइडची असते. मी या मंचावर नावही तेच घेतले आहे.

पण याला एक पोटकलम आहे. विम्याच्या कागदावर हा बाणेदारपणा दाखवू नका. विमा नियामकाने २०१९ मध्ये आधुनिक उपचारांची जी यादी दिली, तिच्यात ‘ओरल केमोथेरपी’ हे शब्द आहेत. माझ्या डॉक्टरांनी एकदा अगदी शास्त्रशुद्ध ‘टार्गेटेड थेरपी’ असे लिहून दिले, तर विमा कंपनीच्या बाईंनी दावा परत पाठवला, कारण त्यांच्यापुढच्या यादीत तो शब्द नव्हता. मी पुन्हा रुग्णालयात जाऊन ‘ओरल केमोथेरपी, इमॅटिनिब’ असे लिहून आणले आणि तीन आठवड्यांनी पैसे मिळाले. एकच गोळी घरात केमो नाही आणि विमा कचेरीत केमो आहे, हे पत्रकात कसे बसवायचे ते तुम्ही पाहा.

तारीख_पे_तारीख यांचे उत्तर

मेसायलेटची ओळ गाळण्याच्या सल्ल्याला माझी हरकत आहे, आणि ती वकिलाची हरकत आहे. मामांना हे औषध परवडत असेल तर त्यात या एका शब्दाचा वाटा आहे.

नोव्हार्टिस कंपनीने १९९८ मध्ये भारतात जो पेटंटचा अर्ज केला, तो ‘इमॅटिनिब’साठी नव्हता आणि नुसत्या ‘इमॅटिनिब मेसायलेट’साठीही नव्हता, तो इमॅटिनिब मेसायलेटच्या ‘बीटा’ नावाच्या स्फटिकरूपासाठी होता. मूळ रेणू, त्याचा क्षार आणि त्या क्षाराचे एक विशिष्ट स्फटिकरूप अशा या तीन पायऱ्या आहेत. आपल्या पेटंट कायद्याचे कलम ३(ड) सांगते, की माहीत असलेल्या पदार्थाचे नुसते नवे रूप हा शोध नव्हे. त्या रूपाने परिणामकारकता वाढलेली दाखवावी लागते. चेन्नईच्या पेटंट कार्यालयाने २००६ मध्ये अर्ज फेटाळला, आणि सर्वोच्च न्यायालयात न्या. आफताब आलम व न्या. रंजना प्रकाश देसाई यांच्या पीठाने १ एप्रिल २०१३ रोजी कंपनीचे अपील फेटाळले. बीटा रूप मूळ रेणूपेक्षा ३० टक्के अधिक प्रमाणात शरीरात शोषले जाते, असा कंपनीचा एक मुद्दा होता. न्यायालयाचे म्हणणे असे, की औषधाच्या बाबतीत परिणामकारकता म्हणजे रोग बरा करण्याची ताकद. जास्त शोषले जाते एवढ्याने ती वाढली असे सिद्ध होत नाही.

त्या काळात ग्लीवेकचा महिन्याचा खर्च सुमारे १ लाख २० हजार रुपये सांगितला जाई, आणि भारतीय कंपन्यांच्या त्याच औषधाचा साधारण ८ ते १० हजार. पेटंट मिळाले असते तर ही दुसरी किंमत आपल्याकडे टिकली नसती. जागतिक आरोग्य संघटनेने इमॅटिनिब आपल्या आवश्यक औषधांच्या यादीत घेतले ते त्यानंतर, २०१५ मध्ये.

हे सगळे पत्रकात नको. पण दुकानदाराने निराळ्या कंपनीची स्ट्रिप दिली तर रुग्ण घाबरतो, आणि तेव्हा त्याला आधार असतो तो या सार्वजनिक नावाचा. ते नाव स्ट्रिपवर जसे छापलेले असते तसेच त्याला ओळखता आले पाहिजे.

मुद्रितशोधक

सर्वांचा ऋणी आहे. मुख्य परिच्छेदाचा खर्डा असा केला आहे:

‘इमॅटिनिब ही तुमच्या आजारावरची रोजची गोळी आहे. तुमच्या रक्तात एक बिघडलेले प्रथिन पांढऱ्या पेशींची वाढ थांबू देत नाही. हे औषध त्या प्रथिनाला अडवते. गोळी जेवणासोबत, मोठा पेलाभर पाणी पिऊन घ्यावी. रिपोर्ट चांगला आला तरी डॉक्टरांनी सांगितल्याशिवाय ती बंद करू नये. घरगुती काढा, रस किंवा दुसरे कोणतेही औषध चालू असेल तर ते डॉक्टरांना सांगावे. स्ट्रिप घेताना इमॅटिनिब हे पूर्ण नाव आणि तुम्हाला सांगितलेला आकडा वाचून पाहावा. नावाच्या शेवटी ‘टिनिब’ असलेली इतर औषधे वेगळी आहेत आणि ती घेण्याची रीतही वेगळी असू शकते.’

विम्याविषयीची सूचना मागच्या पानावर स्वतंत्र चौकटीत टाकतो, म्हणजे ‘केमो’ हा शब्द पुढच्या पानावर येणार नाही.

रोजचीच_गोळी

खर्डा आवडला. एकच शंका. ‘नाव वाचून पाहावा’ म्हणता, पण स्ट्रिपवर नाव इंग्रजी अक्षरांत असते. ज्याला फक्त मराठी वाचता येते त्याने ते कशाशी ताडून पाहायचे?

मुद्रितशोधक

शंका अगदी रास्त होती आणि ती मला सुचायला हवी होती. आता परिच्छेदाखाली स्ट्रिपवरच्यासारख्याच इंग्रजी अक्षरांत ते नाव मोठे करून छापायचे ठरवले आहे, म्हणजे अक्षरओळख नसली तरी आकार जुळवून पाहता येईल.

या शनिवारी गावी जाऊन मामींना कच्चा नमुना दाखवला. त्यांनी बिस्किटांच्या डब्यातून स्ट्रिप काढली, कागदाशेजारी ठेवली आणि एकेका अक्षरावर बोट ठेवीत शेवटच्या ‘बी’पर्यंत आल्या. तिथे थांबून त्यांनी विचारले, की कागदावरचे नाव इथेच संपले, पण गोळीवर पुढे आणखी एक शब्द आहे तो कसला. ही दुसरीच गोळी तर नव्हे?

तो शब्द मेसायलेट होता. ऱ्हस्वदीर्घ, क्षमा करा. ती ओळ ठेवतो आहे.